चावी जमा करावी, अन्यथा

*अर्जदाराने*

फोन मुंबईहून आला तेव्हा कोंडीराम ओट्यावर पाय पसरून टाचेच्या भेगांत मेण भरत होता. लेक निशिगंधा चाकणच्या कंपनीतून पहिली पाळी करून नुकती आलेली, अजून अंगावर गणवेश. तिनं फोन त्याच्यापुढं फरशीवर ठेवला आणि आवाज मोठा केला.

"बाबा, दिव्या बोलतेय. आत्ताच कोर्टातून बाहेर पडले."

दिव्या ही त्याची वकील. निशिगंधेहून दोनचार वर्षांनी मोठी असेल, पण कोंडीराम तिच्याशी बोलताना फोनवरसुद्धा टोपी सारखी करायचा.

"जितलो का?"

"जिंकलो तर मागंच होतो की. यांची पेन्शन सुरू करा, असं कोर्टानं गेल्या वर्षीच सांगितलं. पाणी कार्यालयानं केली नाही, म्हणून ही अवमानाची याचिका. आज धोंगडेसाहेबांना जातीनं उभं केलं होतं. जजसाहेबांनी असं झापलं म्हणता! साहेबांचा रुमाल पिळून काढायच्या लायकीचा झाला."

"बरं झालं," त्याची बायको गिरजाबाई आतून म्हणाली. "आमाला वरीसभर पिळलंय."

"पण साहेबांनी एक काढलं. म्हणाले, ह्यांच्याकडं कार्यालयाची चावी आहे. ती जमा नाही म्हणून येणंबाकी नसल्याचा दाखला नाही, दाखला नाही म्हणून पेन्शन नाही. मी उभ्याउभ्या सांगितलं, चावी घरातच आहे, केव्हाही देऊ. तसं कोर्टानं लिहून घेतलंय. अर्जदाराने आपल्या ताब्यातील वॉलची चावी एका आठवड्यात कार्यालयात जमा करावी. ती मिळाली की साहेबांनी पेन्शन सुरू करून तसं प्रतिज्ञापत्र द्यावं. अन्यथा दोघांचीही गंभीर दखल घेतली जाईल."

"दोघं कोन?"

"ते आणि तुम्ही. आता एवढं नाही केलं तर अवमान तुमचाही होईल ना बाबा. पण चावीच तर द्यायचीय. आहे ना घरात?"

मेण बोटाला चिकटलं होतं. कोंडीराम ते दुसऱ्या बोटानं खरवडत राहिला.

"हाय," तो म्हणाला.

चावी घरात नव्हती.

*आपल्या ताब्यातील वॉलची चावी*

छातीएवढी उंच लोखंडी कांब. वर आडवी मूठ, खाली चौकोनी तोंड. तोंड वॉलच्या डोक्यावर बसवायचं, मुठीला दोन्ही हातांनी धरून अंग टाकायचं, की जमिनीखाली पाणी वळतं. जांभुळओढ्यात वॉलमनचं काम एवढंच. वरच्या आळीला पहाटे, खालच्या आळीला ऊन चढल्यावर. गावाभोवती कंपन्या आल्या, ट्रेलर आले, शेतातून गोडावनं उगवली, पण पाणी कोंडीराम सोडायचा. मूठ हाताला पोळायची म्हणून गिरजाबाईनं तिच्यावर आपल्या हिरव्या लुगड्याची पट्टी गुंडाळून दिली होती.

निवृत्तीच्या दिवशी नारळ, शाल झाल्यावर त्यानं चावी कार्यालयात नेली आणि बाबूच्या टेबलापुढं जमिनीवर ठेवली. लोखंड कुणाच्या हातात देऊ नये. विळा, सुरी, कोयता, काही द्यायचं तर खाली ठेवावं, समोरच्यानं उचलून घ्यावं. हातात दिलं की भांडण लागतं. जांभुळओढ्यात हे पोरासोरालाही ठाऊक आहे.

बाबूनं ती उचललीच नाही. "नवा माणूस कुठं आलाय? तोवर तुम्हीच सोडा की पाणी, तात्या. गावचंच काम आहे."

म्हणून कोंडीरामानं चावी परत घरी आणली आणि नवा माणूस येईतो फुकट पाणी सोडलं. नवा आला तो ठेकेदाराची चावी घेऊन. ह्याची चावी ह्याच्याच दाराआड उभी राहिली.

मग कोर्टानं पेन्शनचा निकाल दिला आणि कार्यालयाला चावी आठवली. पत्र आलं. शासकीय मालमत्ता, अनधिकृत ताबा, फौजदारी. निशिगंधेनं ते वाचून दाखवलं तेव्हा फौजदारी या शब्दावर कोंडीरामाला लघवीला जावं लागलं. आयुष्यात त्यानं चौकीचा उंबरा पाहिला नव्हता. त्या दिवसापासून दारावर फटफटी थांबली की त्याची नजर आधी दाराआड जायची. दुपारी ताट तसंच परत जायचं. एक दिवस त्यानं चावी धोतरात गुंडाळली, भैरोबाच्या देवळापुढल्या चौकात गेला, खालच्या आळीच्या वॉलचं चेंबर उघडलं आणि पाइपाच्या पाठीमागं, गाळात, चावी आडवी सारून दिली. सरकारचं सरकारच्या घरात. झाकण लावलं. त्या दिवशी त्याला भूक लागली.

पंधरवडा गेला असेल नसेल, देवळापुढला रस्ता सिमेंटचा झाला. ठेकेदाराला घाई. चेंबरचं झाकण वर घ्यायचं कुणाच्या ध्यानात आलं नाही. वीतभर काँक्रीट सगळ्यावरून सपाट गेलं. खाली वॉल उघडाच होता, म्हणून खालच्या आळीचं पाणी तेवढं चालू राहिलं.

कोंडीराम देवळाच्या पायरीवर बसून बघत होता. ओरडायला तोंड उघडलं होतं त्यानं. पण ओरडून काय सांगायचं?

*एका आठवड्यात*

"दिव्याताईला खरं सांगा," सगळं ऐकून निशिगंधा म्हणाली.

"तिनं कोर्टाला सांगितलंय घरात हाय म्हनून. आता ती खोटी पडंल."

"मंग रस्ता फोडाया सांगा."

"सरकारी चावी लपिवली म्हनून आधी मलाच फोडतील."

गिरजाबाई तांदूळ निवडत होती. "मी इचारते, चावी म्हंजी चावी ना? लोखंडाचीच ना? का सोन्याची व्हती?"

म्हणून दुसऱ्या दिवशी कोंडीराम तळेगाव रस्त्याला हनीफच्या दुकानात उभा राहिला. हनीफ ट्रॉल्यांना वेल्डिंग करायचा. गेट, जिने, काहीही. त्याच्या बापाला कोंडीरामानं नळाची पहिली जोडणी करून दिली होती.

"बनवतो की, काका. तोंडाचं माप?"

कोंडीरामानं दोन्ही हातांची बोटं जुळवून चौकोन केला.

"बोटानं?" हनीफनं काच कपाळावर सारली. "वॉल दाखवा ना. मोजून घेतो."

"वॉल रस्त्याखाली ग्येला."

"मग चावी कशाला पाहिजे?"

"जमा कराया."

हनीफनं कशफला, आपल्या बायकोला, आतून चहा आणायला सांगितला आणि दुसरं काही विचारलं नाही. दुपारपर्यंत चावी तयार झाली. ताज्या टाक्यांची, निळसर चकाकणारी.

"नवरीसारखी दिसतीया," कोंडीराम रडवेल्या आवाजात म्हणाला.

"मग सासरी नांदवा की थोडी," हनीफ म्हणाला. "मिठाचं पाणी, लिंबू. चार दिवसांत म्हातारी होईल."

आणि घरानं तिला नांदवायला घेतली. गिरजाबाईनं न्हाणीत मिठाचं पाणी कालवलं, त्यात ती भिजवून उन्हात टाकली, परत भिजवली. निशिगंधा पाळीवरून आली की जेवायच्या आधी कांबीवर दगड घासायची. कोंडीराम मागच्या बोळातून ती ओढत न्यायचा आणि ओढत आणायचा. खडखड एवढी व्हायची की शेजारच्या अर्जुनरावानं भिंतीवरून डोकं काढलं.

"तात्या, काय नांगरताय?"

"पाठ आखडलीया," कोंडीराम म्हणाला. "चालायला सांगितलंय डाक्टरनं."

"लोखंड घिऊन?"

"जडच चालायचं म्हनला."

रात होईतो त्याला हसू येण्याऐवजी घाम येत होता. अर्जुनरावाचा पुतण्या चौकीत होमगार्ड होता.

मूठ मात्र ऐकेना. कांब गंजली, तोंड गंजलं, पण मुठीला वापरलेपणा येईना. गंज चढतो, झीज कुठून आणायची? कोंडीराम ओट्यावर बसून दोन्ही हातांनी ती मूठ पिळायचा, शेंगदाण्याचं तेल लावून, माती लावून, परत तेल. तळव्यांना फोड आले. तीस वर्षं पाणी सोडून आले नव्हते असले फोड. गिरजाबाई समोर बसायची आणि दुसरं टोक धरून ठेवायची. दोघं जात्यावर बसल्यासारखे दिसायचे.

"कंपनीत असा पीस आला ना," निशिगंधा म्हणाली, "तर क्वालिटीवाला हातबी न लावता रिजेक्ट करंल."

"तू गप," गिरजाबाई म्हणाली आणि आपल्या ट्रंकेतून लुगड्याचं उरलेलं हिरवं टोक काढू लागली. मग थांबली. तसंच परत ठेवलं. "न्हाई. त्ये न्हाई द्यायचं खोट्याला."

*कार्यालयात जमा करावी*

धोंगडेसाहेब पूर्वी कधी वर बघून बोलायचे नाहीत. त्या दिवशी स्वतः उठून स्टोअरच्या दाराशी आले. चाळिशीचा माणूस, पण कोर्टातून आल्यापासून गालफडं बसली होती. शर्टाची गुंडी एक घर चुकलेली.

"आणली? द्या इकडं." त्यांनी हात पुढं केला.

कोंडीरामानं चावी त्यांच्या हातात दिली नाही. वाकून त्यांच्या पायांपाशी खाली ठेवली.

"लोखंड हातात देऊ न्हाई, साहेब. खाली ठिवावं. भांडान व्हतं."

"भांडण व्हायचं अजून राहिलंय का, कोंडीराम?" साहेब म्हणाले. "जजनी मला काय विचारलं ठाऊक आहे? तुम्हाला आत जायचंय का म्हणून विचारलं. भरल्या कोर्टात. माझी पोरगी दहावीला आहे."

साहेब भ्यालेत हे पाहून कोंडीरामाला बरं वाटायला हवं होतं. उलट तोच एक पाऊल मागं सरला. भ्यालेला साहेब काहीही करतो.

साहेबांनी चावी उचलली. मुठीवरून अंगठा फिरवला. अंगठ्याला गंज आला, जुन्या लोखंडाचा काळा गंज नव्हे, हळदीसारखा ताजा, ओला. त्यांनी अंगठ्याकडं बघितलं. कोंडीरामाकडं बघितलं. स्टोअरमध्ये पंखा कुरकुरत होता.

मग त्यांनी अंगठा पँटला पुसला.

"पावती लिही रे," ते स्टोअरकीपरला म्हणाले. "वॉलची चावी, एक नग. जुनी वापरातली, असं लिही."

पावती घेऊन कोंडीराम फाटकाबाहेर आला आणि तिथंच कट्ट्यावर टेकला. संध्याकाळी दिव्याचा फोन आला. साहेब प्रतिज्ञापत्र करतायत, पुढच्या तारखेला दाखल होईल, आदेशाचं पालन झालं म्हणून. तेवढी तारीख नीट गेली की पेन्शन हातात पडली समजा.

"तवर काय करायचं?"

"काही नाही, बाबा. शांत बसायचं."

*अन्यथा*

शांत बसू दिलं नाही ते पाण्यानं.

आधी देवळापुढल्या नव्या रस्त्याच्या सांध्यात ओल दिसली. मग खालच्या आळीचे नळ बारीक झाले, मग फुसफुसले, मग बंद. रोलरच्या वजनानं खाली काहीतरी बसलं होतं, वॉल आवळला की निखळला कोण जाणे. वैशाखाचं ऊन. टँकर यायचा तो कंपन्यांच्या वसाहतीला आधी. खालच्या आळीच्या बाया हायवे ओलांडून गोडावनच्या नळावर हंडे न्यायला लागल्या, ट्रेलरच्या मधून. गिरजाबाईही त्यांत. तिची कंबर आधीच गेलेली. हंडा उतरवताना ती दाताखाली पदर धरायची.

कार्यालयाची माणसं आली. नकाशा आणला, नकाशात देऊळ रस्त्याच्या पलीकडं निघालं. ठेकेदाराचा आधीचा वॉलमन सोडून गेला होता, नव्याला फक्त वरच्या आळीची चेंबरं ठाऊक. त्यांनी एका जागी ब्रेकर लावला, खाली मुरूम. दुसऱ्या जागी लावला, मुरूम. नव्या रस्त्याला देवी आल्यासारखी भोकं पडली.

"तात्याला इचारा की," कुणीतरी म्हणालंच. "तात्यानं जलम घालवला हितं."

धोंगडेसाहेब घरी आले. ओट्यावर बसले नाहीत.

"चेंबर कुठं होतं, कोंडीराम?"

कोंडीरामाला ती जागा डोळे मिटून दाखवता आली असती. देवळाची पायरी, पिंपळाचं बुंध्याजवळचं मूळ, दोन्हींच्या बरोब्बर मधोमध. आणि तिथं, झाकणाखाली, पाइपाच्या मागं.

"ध्यानात न्हाई, साहेब. वय झालं."

साहेब गेले. निशिगंधा बापाकडं बघेना. गिरजाबाईनं रिकामा हंडा उचलला, आपटला नाही, नीट कमरेवर घेतला आणि निघाली.

"कुठं निघाली?"

"पान्याला."

पण ती हायवेकडं वळली नाही. कोंडीरामाच्या ते ध्यानात आलं तेव्हा तो अनवाणी, टोपीशिवायच धावला. चौकात गर्दी होती, ब्रेकर धडधडत होता. गिरजाबाई पायरीपासून पाऊल मोजल्यासारखी चालत गेली, रस्त्याच्या मधोमध थांबली आणि हंडा तिथं पालथा ठेवला.

"हितं फोडा," ती म्हणाली. "तीस वरीस हितंच भाकर आनून दिलीया मी. मला ठावं हाय."

कोंडीराम तिच्याजवळ पोचला. "आगं येडे, चावी निघंल," तो ओठांतल्या ओठांत म्हणाला.

"निघू द्या. तुमाला आत घातलं तर डबा आनीन. पन त्याला पानी लागंल का न्हाई?"

ब्रेकर तिच्या हंड्याच्या जागी लागला. काँक्रीटचे टवके उडाले, धूळ, मग लोखंडावर लोखंड वाजल्याचा आवाज. झाकण. पोरांनी ओरडा केला. कोंडीराम मागं सरायला बघत होता, पण गर्दीनं त्याला पुढं ढकललं. तात्या, या की म्होरं, तुमचाच वॉल हाय.

चेंबर पाण्यानं भरलं होतं. भीमराज म्हणून रोजंदारीवरचा गडी आत उतरला, बादलीनं पाणी उपसलं. वॉल दिसला. साहेबांनी जीपमधून चावी मागवली. जमा झालेली, हनीफची, मुठीवर पिवळ्या रंगानं नंबर टाकलेली. ठेकेदाराच्या माणसाची चावी वरच्या आळीला गेली होती म्हणून हीच आणली होती.

भीमराजनं ती वॉलवर बसवली आणि जोर लावला. चावी फिरली. वॉल फिरला नाही. परत बसवली, परत तशीच गरगरली, लहान डोक्यावर मोठं पागोटं फिरावं तशी.

"तोंड मोठं हाय हिचं, साहेब," भीमराज म्हणाला. "ही ह्या वॉलची न्हाईच."

धोंगडेसाहेबांच्या कानशिलाजवळची शीर उडत होती. कोंडीरामाला पायांखालचा रस्ता ओला लागला. पाणी होतं की आपलंच काही, हे बघायची त्याची छाती होईना.

"थांबा, हितं काय तरी हाय." भीमराजनं पाइपामागं हात घातला, खांद्यापर्यंत. ओढलं. गाळातून कांब आली, मग आडवी मूठ, मुठीवर चिखलानं काळवंडलेलं हिरवं फडकं. "दुसरी चावी हो! तात्या, धरा जरा."

त्यानं ती वर केली, मूठ कोंडीरामाच्या हाताशी.

"हातात देऊ नगं," कोंडीराम बोलून गेला. "लोखंड हाय. खाली ठिव."

शब्द तोंडातून गेल्यावर त्याला कळलं. त्यानं वर पाहिलं नाही. पण साहेबांचे बूट त्याच्याकडं वळलेले त्याला दिसले, आणि ते हलत नव्हते.

भीमराजनं चावी कडेवर ठेवली. कुणी उचलेना. खालच्या आळीच्या बाया हंडे घेऊन उभ्या होत्या. कुणीतरी मोबाइल वर धरला होता. मग गिरजाबाई म्हणाली, "अवं, बघताय काय?"

भीमराज वर आला, कोंडीराम आत उतरला. घोटे पाण्यात. चावी उचलली, बसवली. ती बसली, कुलपात किल्ली बसते तशी नव्हे, तर दाराशी आलेलं जनावर आपल्या खुंट्याला जाऊन उभं राहतं तशी. फोड आलेल्या तळव्यांखाली हिरवं फडकं आलं. त्यानं अंग टाकलं. वॉल कण्हला. परत अंग टाकलं. जमिनीखाली पाणी सुटल्याचा आवाज आधी त्याच्या पोटात ऐकू आला, मग सगळ्यांना.

खालच्या आळीकडून कुणीतरी ओरडलं, आलं रे, आलं.

बाया पळाल्या. साहेब चेंबरच्या काठाशी उकिडवे बसले. त्यांचा आवाज इतका खाली होता की भीमराजलाही ऐकू गेला नसेल.

"कोंडीराम. ही चावी कोणाची?"

कोंडीराम मूठ धरून उभा होता. सोडली तर पडेल असं वाटत होतं, चावी नव्हे, तोच. परवाच्या प्रतिज्ञापत्रावर साहेबांची सही होती. पावतीवर त्याची. दोघांमध्ये ही कांब उभी होती, गाळानं माखलेली.

"वॉलची, साहेब," तो म्हणाला.

साहेबांनी पिवळ्या नंबरची चावी उचलून जीपमध्ये टाकायला भीमराजच्या हातात दिली.

"मग वॉलपाशीच राहू दे," ते म्हणाले. "झाकण वर घ्या आणि बसवा. आजच्या आज."

*याची नोंद घ्यावी*

घरी सगळी भांडी भरली होती, वाट्यासुद्धा. गिरजाबाई न्हाणीत बसून डोक्यावरून पाणी घेत होती आणि थांबत नव्हती.

तारीख अजून व्हायची होती. कोंडीराम दाराला पाठ लावून बसला. बाहेर फटफटी थांबली की तो श्वास धरायचा, पुढं गेली की सोडायचा.

निशिगंधा फोन बघत हसली. "आबा, तुमचा फोटो आला गावाच्या ग्रुपवर. चेंबरात उतरलेला. अर्जुनरावकाकानं टाकलाय. लई जनांनी हात जोडल्यात."

"हिकडं आन."

त्यानं फोन हातात घेतला नाही. तिनं तो त्याच्यापुढं फरशीवर ठेवला, तसा तो वाकून बघू लागला. आपलंच टक्कल दिसलं, साहेबांचे बूट दिसले.

"चाव्या किती दिसत्यात?"

"काय?"

"फोटूत. चाव्या किती दिसत्यात, नीट बघ."

तिनं दोन बोटांनी फोटो मोठा केला. इकडं सरकवला, तिकडं सरकवला. तिचं हसू गेलं.

"एक."

"कुठली?"

न्हाणीतला पाण्याचा आवाज बंद झाला. गिरजाबाईही ऐकत होती.

"कळत न्हाई, आबा," निशिगंधा म्हणाली. "मूठ तुमच्या हाताखाली, तोंड पान्याखाली हाय."